पितळेची पुंगळी आणि तिची घासणी

पितळेचे भांडे घासण्याची विद्या महाराष्ट्रातील घरांना कोणी शिकवावी लागत नाही. चिंचेचा कोळ, चुलीतील राख, नारळाचा काथ्या आणि मनगटातील जोर एवढ्या भांडवलावर आमची घंगाळी, समया आणि तांबे पिढ्यान् पिढ्या लखलखत राहिले. या साध्या सामग्रीतही एक विचार आहे. चिंच हिरवट कळंक विरघळविते, राख तुपातेलाचा ओशटपणा काढते आणि काथ्या चिकटलेले खरवडतो. ज्या बाईने समईची तेलकट काजळी आधी राखेने काढली आणि मग चिंच लावली, तिने मळ पाहून घासणी निवडली. समईसाठी जे आम्ही इतक्या सहज करतो, तेच बंदुकीच्या काडतुसासाठी करावयास जगातील मोठमोठ्या सैन्यांना आणि शास्त्रज्ञांना शंभर वर्षे कशी लागली, हा आजचा विषय आहे.

विषय ऐकून काही श्रोत्यांस नवल वाटले असेल. इतिहासाच्या व्याख्यानात राजे यावेत, लढाया याव्यात. रिकामी पुंगळी कशी घासावी हे काय सांगावयाचे? परंतु लढाईचा इतिहास वाचताना आम्हांस वारंवार असे दिसले आहे, की सेनापतीच्या नकाशाइतकेच शिपायाच्या पट्ट्यातील काडतुसावर अवलंबून असते, आणि त्या काडतुसाचे भवितव्य कधी कधी त्यावर साचलेल्या मळाने ठरविले आहे. शिवाय खडकीचा दारूगोळ्याचा कारखाना १८६९ सालचा आहे. पुण्याच्या इतक्या जवळ दीडशे वर्षांहून अधिक काळ जी वस्तू बनत आली, तिच्याविषयी थोडे जाणून घेण्यास हरकत नसावी.

प्रथम ही पुंगळी आली कोठून ते पाहू. १८५७ साली ज्या काडतुसांनी हिंदुस्थानात आग लावली ती कागदाची होती. चरबी लावलेला कागद दातांनी तोडावयाचा, दारू नळीत ओतावयाची आणि गोळी ठासावयाची. त्या काडतुसात घासण्यासारखे काही उरतच नव्हते. कागद जळून जाई. पुढे मागून भरावयाच्या बंदुका आल्या तेव्हा नवी अडचण उभी राहिली. नळीच्या मागल्या तोंडातून तप्त वायू शिपायाच्या डोळ्यांवर येऊ लागला. तो अडविण्याचे काम धातूच्या पुंगळीने केले. इंग्रजी सैन्याने १८६६ साली स्नायडर बंदूक घेतली, आणि तिच्यासाठी वुलविचच्या शाही प्रयोगशाळेचे अधीक्षक कर्नल बॉक्सर यांनी पितळेचा पातळ पत्रा गुंडाळून त्यावर कागद चढविलेले काडतूस केले. ही गुंडाळलेली पुंगळी नाजूक होती. १८८४-८५ च्या सुदान मोहिमेत मार्टिनी-हेन्री बंदुकांत ती अडकू लागली, तेव्हा अखंड पितळेची, ओढून काढलेली पुंगळी सर्वांस पटली.

पितळच का? शंभर भागांत सत्तर भाग तांबे आणि तीस भाग जस्त या प्रमाणाचे पितळ थंड स्थितीतच वाटीसारखे दाबता येते, ओढून लांब करता येते, आणि ओढल्यावर त्याला स्प्रिंगचा गुण येतो. बार उडाला की पुंगळीची भिंत फुगून नळीच्या घराला घट्ट चिकटते आणि वायू अडविते. दाब ओसरला की ती किंचित आकसते आणि आकडीने ओढल्याबरोबर बाहेर येते. फुगणे आणि पुन्हा आकसणे, या दोन क्रियांवर सारा खेळ आहे. तांबे फुगते, पण परत आकसण्यात ते कच्चे. हे अमेरिकेने स्वतःच्या रक्ताने शिकून घेतले असे पुष्कळ दिवस सांगितले जात असे, म्हणून तो प्रसंग थोडा सविस्तर सांगतो.

२५ जून १८७६ रोजी मोंटाना प्रदेशात लिटल बिगहॉर्न नदीकाठी कस्टर आणि त्याच्या हाताखालच्या पाच तुकड्या सू आणि शायेन लोकांच्या हातून साफ कापल्या गेल्या. या घोडेस्वारांच्या स्प्रिंगफील्ड कार्बाईन बंदुकांची काडतुसे जवळजवळ शुद्ध तांब्याची होती, आणि ती चामड्याच्या पट्ट्यांत खोवलेली असत. कमावलेल्या चामड्यातील आम्ले तांब्याला लागली की त्यावर हिरवा, चिकट कळंक चढतो. पितळेच्या भांड्यात ताक कळकते असे आपण म्हणतो, त्याच जातीची ही गोष्ट. बार उडाल्यावर हा चिकटा भाजून नळीला घट्ट बसे. आकडी पुंगळीची फक्त कड उपटी आणि नळकांडे आतच राही. त्या लढाईतून वाचलेल्या मेजर रीनो याने जुलैमध्ये वरिष्ठांस कळविले, की त्याच्या ताब्यातील ३८० कार्बाईनपैकी ६ अशा रीतीने निकामी झाल्या.

आता ६ हा आकडा लहान की मोठा? दंतकथेने तो फार मोठा केला. काडतुसे अडकली म्हणून कस्टर मेला, असे लिहिणारे पुष्कळ निघाले. १९८३ साली त्या रणभूमीवरचे गवत वणव्यात जळाले आणि जमीन उघडी पडली. १९८४ आणि १९८५ मध्ये डग्लस स्कॉट व रिचर्ड फॉक्स यांनी तेथे शास्त्रशुद्ध शोध केला. सापडलेल्या पुंगळ्यांवर सुरीने वा टोच्याने उचकटल्याचे ओरखडे आहेत का, हे त्यांनी पाहिले. तसे ओरखडे अगदी थोड्या पुंगळ्यांवर निघाले. म्हणजे काडतुसे अडकत होती हे खरे, पण पराभवाचे कारण ते नव्हते. आम्हांस याहून अधिक मोलाचे वाटते ते दुसरे. प्रत्येक बंदुकीच्या घोड्याची सुई पुंगळीच्या बुडावर आपली अशी एक खूण उमटविते. त्या खुणा जुळवून या संशोधकांनी एकेक बंदूक रणभूमीवर कोठून कोठे गेली याचा माग काढला. या पुंगळ्या कोणी हौशी माणसाने आधीच वेचून घासूनपुसून चकचकीत केल्या असत्या, तर हा इतिहास घासणीबरोबर वाहून गेला असता. आमच्याकडे जुन्या भांड्यांवरची नावे आणि जुनी नाणी चिंच लावून घासण्याचा उत्साह काही थोडा नाही, म्हणून हे जाता जाता सांगितले. अमेरिकी सैन्याने पुढे चामड्याऐवजी विणलेले कापडी पट्टे घेतले आणि १८८० नंतरच्या दशकात पुंगळीही पितळेची केली.

कळंक हा बाहेरचा मळ. आतला मळ दारूचा, आणि घासणीचा खरा इतिहास तेथून सुरू होतो. जुनी काळी दारू म्हणजे पंचाहत्तर भाग सोरा, पंधरा भाग कोळसा, दहा भाग गंधक. ती जळल्यावर वजनाने अर्ध्याहून अधिक भाग घन राखेच्या रूपाने मागे राहतो. ही राख हवेतील ओल शोषून घेते आणि धातूला खाऊ लागते. एकदा उडालेली पुंगळी पुन्हा भरावयाची असेल तर ती त्याच दिवशी धुतली पाहिजे हा नियम त्यामुळे पडला. अमेरिकेच्या गवताळ प्रदेशात रानरेड्यांची शिकार करणारे लोक गावापासून शेकडो मैल दूर असत. ते रात्री शेकोटीजवळ बसून दिवसभराच्या पुंगळ्या गरम पाण्याने धूत आणि भरत. १८७३ साली न्यूयॉर्कजवळ क्रीडमूर येथे नेमबाजीचे मैदान सुरू झाले, तेथील नेमबाज तर आपल्या ठराविक पुंगळ्या पुन्हा पुन्हा वापरीत. सैन्यातही उडालेल्या पुंगळ्या परत जमा करण्याची आणि भरण्याची व्यवस्था होती. या सर्वांची घासणी एकच: पाणी, साबण किंवा सोडा, आणि एक लहान कुंचा. काळ्या दारूचा मळ पाण्यात विरघळतो, म्हणून पाणी पुरे.

परंतु धुतलेली पुंगळी वाळवावयाची कशी? एकेक पुसत बसणे शिकाऱ्याला जमेल, कारखान्याला कसे जमावे? येथे एका फार जुन्या धंद्याची युक्ती उपयोगी पडली. ॲडम स्मिथने १७७६ सालच्या आपल्या ग्रंथात टाचणीच्या कारखान्याचा दाखला देऊन एक टाचणी करण्याची अठरा कामे सांगितली, हे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांस ठाऊक आहे. त्याच शतकातील फ्रेंच विश्वकोशात टाचण्यांची कृती दिलेली आहे. पितळेच्या तारेच्या टाचण्या कथील आणि टार्टर यांच्याबरोबर उकळून पांढऱ्या करीत, धूत, आणि मग कोंड्यात घालून हलवीत. कोंडा पाणी पितो आणि टाचण्या एकमेकींवर व कोंड्यावर घासून चकाकतात. टार्टर म्हणजे द्राक्षाच्या मद्याच्या पिंपात बसणारा आंबट साका. त्यातील आम्ल आणि आमच्या चिंचेतील आम्ल एकच. पॅरिसचा टाचणीवाला आणि आमची आजी यांचे गोत्र असे जुळते.

काडतुसाच्या कारखान्यात कोंड्याच्या जागी लाकडाचा भुसा आला. पितळेची चकती दाबून वाटी करावयाची, ती ओढून लांब करावयाची. ओढले की पितळ कडक होते, म्हणून भट्टीत तापवून पुन्हा मऊ करावयाचे. तापविले की काळे पडते, म्हणून सौम्य गंधकाम्लात बुडवावयाचे. मग धुवावयाचे, आणि भुशाबरोबर फिरत्या पिंपात टाकावयाचे. अशी फेरी अनेक वेळा होते. भुसाही कोणताही चालत नाही. चीड-देवदारासारख्या राळ असलेल्या झाडांचा भुसा घेतला तर राळेचा चिकट पापुद्रा पितळेवर बसतो. घड्याळजी आणि सोनार बॉक्स नावाच्या झुडपाचा भुसा मुद्दाम मागवीत, तो याच कारणाने. त्यात राळ नसते आणि लाकूड दाट असते. वाळूचा विचार कोणाच्याही मनात येईल. वाळू स्वस्त आहे आणि मळ झटकन काढते. पण वाळूचा कण पितळेहून फार कठीण. तो मळाबरोबर पितळही खातो, आणि रायफलच्या पुंगळीची मान अर्ध्या मिलिमीटरहूनही पातळ असते. शिवाय पितळेत रुतून राहिलेला वाळूचा कण पुढे बंदुकीच्या नळीचे घर ओरबाडतो. मळाहून कठीण आणि धातूहून मवाळ असे द्रव्य शोधणे, हे पिंपवाल्यांचे सूत्र येथे पक्के झाले.

१८८४ साली फ्रान्समध्ये व्हिएल याने बिनधुराची दारू सिद्ध केली. १८८९ साली इंग्लंडात कॉर्डाइट आले. राख जवळजवळ नाहीशी झाली. आता पुंगळी धुण्याची दगदग संपली असे नेमबाजांस वाटले असल्यास आश्चर्य नाही. प्रत्यक्षात उलटे घडले. पुंगळीच्या बुडाशी जी टोपी असते तिच्यात पाऱ्याचे फल्मिनेट घालीत. टोपी उडाली की पारा मोकळा होतो. काळ्या दारूच्या काळात हा पारा ढीगभर राखेत विखरून जाई आणि राखेबरोबर धुतला जाई. नव्या दारूत राखच नाही, म्हणून पारा सरळ पितळेला भिडू लागला आणि त्याच्याशी मिळून पितळ ठिसूळ करू लागला. पुंगळी दिसावयास सोन्यासारखी, आणि दुसऱ्यांदा उडविली की तडकलेली. यावर पाणी चालेना, साबण चालेना, भुसा चालेना, कारण मळ पृष्ठावर नव्हताच. तो धातूच्या अंगात शिरलेला होता. अमेरिकेतील फ्रँकफर्ड शस्त्रागाराने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस टोपीतून पारा काढूनच टाकला. घासून न निघणाऱ्या मळावर एवढाच उपाय होता.

यानंतरचा मळ तर डोळ्यांना दिसतही नव्हता, आणि तो प्रकार घडला आमच्याच देशात. धातुशास्त्राच्या पुस्तकांतून ही हकीकत आजही विद्यार्थ्यांस सांगितली जाते. हिंदुस्थानातील इंग्रजी फौजेच्या हालचाली पावसाळ्यात मंदावत. अशा वेळी काडतुसे कोरडी राहावीत म्हणून तबेल्यांतून साठवीत. पावसाळा सरल्यावर पेट्या उघडाव्या तो पुष्कळ पुंगळ्यांना, विशेषतः जेथे मान गोळीवर आवळलेली असते तेथे, उभ्या चिरा गेलेल्या. कोणी त्या उडविल्या नव्हत्या, कोणी आपटल्या नव्हत्या. नुसत्या पडल्या पडल्या त्या फुटल्या. या रोगाला इंग्रजीत सीझन क्रॅकिंग म्हणतात. लाकूड वाळताना जशा चिरा पडतात तशा या, म्हणून हे नाव, असे काही म्हणतात. पावसाळ्याच्या मोसमावरून पडले, असे दुसरे म्हणतात. आम्ही त्याला मोसमी तडा म्हणू.

या तड्याचे कोडे बरीच वर्षे सुटले नाही. पितळच वाईट, हवाच वाईट, देशच वाईट, अशी स्पष्टीकरणे अशा प्रसंगी मिळतच असतात. शेवटी १९२१ साली वुलविचच्या संशोधन विभागातील मूर, बेकिन्सेल आणि मॅलिन्सन या तिघांनी आपला निबंध प्रसिद्ध केला आणि कारण उघड झाले. ते कारण घोड्याच्या मुतात होते. तबेल्यात किंवा गोठ्यात शिरताच नाकाला झोंबतो तो वायू अमोनियाचा. मूत्रातील द्रव्य कुजून तो तयार होतो. ओलसर हवेत अमोनिया तांब्याला विरघळवितो. पितळ हे सूक्ष्म कणांचे जडलेले असते, आणि अमोनिया त्या कणांच्या सांध्यांतून आत शिरतो. पण नुसत्या अमोनियाने तडा जात नाही. ओढून, दाबून, आवळून केलेल्या पुंगळीच्या अंगात कारखान्यापासूनचा ताण कोंडलेला असतो. ताणलेल्या कापडाला कात्रीचे टोक लागताच ते फरकन फाटावे, तसे अमोनियाने उघडलेल्या सांध्यांतून पितळ फाटत जाते. ताण, ओल आणि अमोनिया ही तिन्ही एकत्र आली की काम झाले. त्यांतील एक वगळा, पुंगळी वाचली.

ओल वगळणे आमच्या पावसाळ्यात कठीण, आणि घोड्यांवाचून त्या काळची फौज हलत नसे. म्हणून शास्त्रज्ञांनी ताण काढला. तयार पुंगळी अडीचशे ते तीनशे अंश सेंटिग्रेडपर्यंत काही वेळ तापविली तर तिचा कडकपणा जात नाही, पण कोंडलेला ताण उतरतो. ताण उतरला की नाही हे पाहण्याची परीक्षाही मोठी मार्मिक होती. पाऱ्याच्या एका क्षाराच्या द्रावणात नमुना बुडवावयाचा. ताण असेल तर तो थोड्याच वेळात तडकतो, नसेल तर टिकतो. टोपीतून हाकलून दिलेला पारा असा परीक्षक होऊन परत आला. या शोधाचा लाभ पुढे केवळ काडतुसांना नव्हे, तर पितळेच्या नळ्या आणि नाना प्रकारचे भाग करणाऱ्या सर्व कारखान्यांना झाला. हिंदुस्थानातील तबेल्याच्या वासातून धातुशास्त्राला एक नवा अध्याय मिळाला, असे आम्ही म्हटले तर ती अतिशयोक्ती होणार नाही.

घासणीच्या दृष्टीने या शोधाने एक निषेध घालून दिला. पितळ चकचकीत करण्याची बाजारातील पुष्कळ द्रावणे अमोनियामुळेच काम करतात. अमोनिया काळपट थर झटकन विरघळवितो. दाराच्या कड्यांना ती लावण्यास हरकत नाही. काडतुसाच्या पुंगळीला ती लावणे म्हणजे तबेल्यातील वास बाटलीत भरून तिच्यावर चोळणे होय. पिंपातील घासणीत मिसळण्यासाठीही अशी द्रावणे घालू नयेत, असे जाणते लोक सांगतात ते याचसाठी.

आणखी एक बारीक गोष्ट. सैन्यासाठी केलेल्या कित्येक काडतुसांच्या मानेजवळ निळसर-जांभळा डाग दिसतो. तो मळ नव्हे. मान तापवून मऊ केल्याची ती खूण, आणि अमेरिकी सैन्य ती मुद्दाम राखून ठेवते, म्हणजे तपासनिसाला पाहताक्षणी कळावे. बाजारात विकावयाची काडतुसे मात्र कारखानदार पिंपात फिरवून एकसारखी पिवळीधमक करतात, कारण गिऱ्हाईकाला डाग आवडत नाही. दोन्ही पुंगळ्या तापविलेल्याच असतात; एकीवर दाखला राहतो, दुसरीवर चकाकी. आम्हांस यात सैन्याची दृष्टी अधिक शहाणी वाटते.

दुसऱ्या महायुद्धानंतर पिंपाबरोबरच थरथरणारी यंत्रे आली. अमेरिकेत हौशी नेमबाज घरीच काडतुसे भरीत असतात, तेव्हा ही यंत्रे लहान होऊन त्यांच्या कामाच्या मेजावर येऊन बसली. (आपल्याकडे १९५९ च्या शस्त्र कायद्याने काडतुसे बनविणे हा परवान्याचा विषय आहे, तेव्हा हा उद्योग घरी करून पाहण्याचा नव्हे.) त्यांनी शोधलेल्या घासण्या मोठ्या घरगुती आहेत. दाणे काढून घेतल्यावर उरलेल्या मक्याच्या कणसाचा भरडा ही पहिली. कणसाच्या दांड्यात मधे मऊ गाभा असतो आणि त्याभोवती लाकडासारखे कठीण कडे; त्या कड्याचा भरडा तेल आणि ओल शोषतो आणि पितळेला फार न खाता चकाकी देतो. अक्रोडाच्या टरफलांचा चुरा ही दुसरी. तो टोकदार आणि अधिक झोंबणारा. त्यात तांबडी लोहाची पूड, जिला जवाहिरे रूज म्हणतात, ती घालतात. फार काळवंडलेल्या पुंगळीला आधी अक्रोड, मग मका, असा क्रम पुष्कळांनी धरला. कोणी तांदूळही वापरतात. अन्नाचा हा उपयोग आमच्या मनास काही रुचत नाही.

या कोरड्या घासण्यांत कणाचा आकार हीच निवडीची गुरुकिल्ली. टोपीतील ठिणगी दारूपर्यंत जावी म्हणून पुंगळीच्या बुडाला छिद्र असते. अमेरिकी पद्धतीत ते एकच, सुमारे दोन मिलिमीटरचे. तेवढाच कण त्यात अडकून बसला तर बार नीट लागत नाही. म्हणून कण एक तर पुरता बारीक हवा किंवा पुरता जाड. येथे इतिहासाची एक गंमत सांगण्याचा मोह आवरत नाही. एका छिद्राची ही टोपी इंग्रज कर्नल बॉक्सर याच्या नावाची, आणि ती रुजली अमेरिकेत. दोन बारीक छिद्रांची टोपी अमेरिकन बर्डन याची, आणि ती रुजली युरोपात. बॉक्सरच्या पुंगळीतून जुनी टोपी एका सुईने ढकलून काढता येते, बर्डनच्या पुंगळीतून ते कठीण. अमेरिकेत घरोघर पुंगळ्या घासल्या जातात याचे एक कारण एका इंग्रजाने केलेले हे छिद्र आहे.

कोरड्या घासणीने एक मळ मात्र वाढविला. १९२० नंतरच्या दशकात टोपीसाठी शिशाचा एक स्फोटक क्षार प्रचारात आला, आणि आजच्या बहुतेक टोप्यांत तोच आहे. उडालेल्या टोपीजवळच्या काजळीत शिसे असते. मक्याचा भरडा ती काजळी शोषून घेतो, आणि यंत्र थरथरू लागले की ती धूळ होऊन उडते. शिसे श्वासाबरोबर शरीरात गेले की हाडांत साठते, आणि लहान मुलांच्या मेंदूला त्याची बाधा सर्वांत अधिक. पुंगळी स्वच्छ आणि खोली मळकट, असा हा सौदा. यंत्र झाकून उघड्यावर चालवावे, चाळणी घरात करू नये, भरडा काळा पडताच टाकून द्यावा, हात धुतल्यावाचून खाऊ नये, हे नियम म्हणून झाले.

या शतकाच्या आरंभीच्या वर्षांत, थोड्या शिशाच्या भयाने आणि थोड्या चकाकीच्या हव्यासाने, नेमबाज पुन्हा पाण्याकडे वळले. आता पिंपात पाणी, थोडा भांड्यांचा साबण, चिमूटभर लिंबूसत्त्व आणि न गंजणाऱ्या पोलादाच्या बारीक काड्या घालतात. काडी सव्वा मिलिमीटर जाड आणि साडेसहा मिलिमीटर लांब. पोलाद पितळेहून कठीण, मग वाळूविषयी सांगितलेले सूत्र येथे मोडले का? मोडले नाही. काडीला धार नसते. ती पितळ कापत नाही, दाबून गुळगुळीत करते, आणि पाणी व साबण तिचा आघात सौम्य करतात. ती टोपीच्या खळीतही शिरते, जेथे मका पोचत नाही, आणि धूळ तर उडतच नाही. तथापि पिंप अधिक वेळ फिरविले तर पुंगळीच्या तोंडाची कड ठोकली जाऊन जाड होते. लिंबूसत्त्व अधिक पडले तर आम्ल जस्त काढून नेते आणि पितळ तांबूस दिसू लागते. चिंचेत रात्रभर विसरलेला तांब्या ज्यांनी पाहिला असेल त्यांस हा रंग ओळखीचा वाटेल. आणि शिसे नाहीसे झालेले नसते. ते त्या काळ्या पाण्यात असते, म्हणून ते पाणी स्वयंपाकघराच्या मोरीत ओतावयाचे नसते. शेवटी सारे कोरडे करावे लागते, आणि एकेक पुंगळीत काडी राहिली नाही ना हे पाहावे लागते.

मग निवड कोणती करावी? तेल-ओल पुसून साधी चकाकी आणावयाची असेल तर मका पुरे. वर्षानुवर्षे काळवंडलेली असेल तर अक्रोड. काळ्या दारूची राख किंवा शिशाची काजळी असेल तर पाणी आणि काड्या. राळेचा भुसा, वाळू आणि अमोनिया यांपैकी काहीच नको. जुन्या रणभूमीवरची असेल तर कोणतीच घासणी नको.

घासून झालेल्या पुंगळीची एक परीक्षा मात्र पिंपाबाहेर होते. वारंवार उडविलेल्या पुंगळीची भिंत बुडाच्या थोडी वर आतून पातळ होत जाते आणि तेथे पुढे कड्यासारखा तडा जातो. बाहेरून ती नव्यासारखी पिवळी दिसते. मुरलेला नेमबाज एक बारीक तार घेतो, तिचे टोक किंचित वाकवितो, ते पुंगळीत बुडापर्यंत घालतो आणि भिंतीला टेकवून हळूहळू वर ओढतो. टोक कोठे खाचेत अडखळले, तर ती पुंगळी तो चिमट्याने चेपून भंगारात टाकतो.